गंभीर दुखापतीचे अपील : पुराव्याची छाननी

गंभीर दुखापतीच्या गुन्ह्यात दोषी ठरलेल्या आरोपीने वरच्या न्यायालयात दाद मागितल्यावर तेथे पुरावा ज्या रीतीने पारखला जातो, ती भारतीय फौजदारी न्यायव्यवस्थेतील पद्धती. न्यायदंडाधिकाऱ्याच्या निकालाविरुद्ध सत्र न्यायालयात आणि सत्र न्यायालयाच्या निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात अपील जाते. पहिल्या अपिलात न्यायालयाने सगळा पुरावा स्वतः वाचून आपले मत बनवायचे असते. खालच्या निकालात उघड चूक नाही, एवढे म्हणून भागत नाही. अपीलकर्त्याचा वकील हजर नसला तरी कागदपत्रे न पाहता अपील फेटाळता येत नाही. मात्र साक्षीदाराला पिंजऱ्यात बोलताना ऐकलेले असते ते खालच्या न्यायाधीशाने, म्हणून साक्षीदाराच्या वर्तनाबद्दलच्या त्याच्या नोंदीला मान असतो.

अशा खटल्याचा कणा म्हणजे जखमीची साक्ष. तो घटनास्थळी होता हे त्याच्या अंगावरच्या जखमाच सांगतात, आणि खऱ्या हल्लेखोराला सोडून तो भलत्याचेच नाव घेईल असे सहसा मानले जात नाही. साक्षीदारांची ठरावीक संख्या कायदा मागत नाही. ‘वडिवेलू थेवर विरुद्ध मद्रास राज्य’ (1957) या निकालाने साक्षीदारांचे पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वसनीय आणि मधले असे तीन वर्ग केले. आधार शोधावा लागतो तो मधल्यांसाठी. पंच फितूर झाले म्हणून जखमीची साक्ष आपोआप पडत नाही. साक्षीतला काही भाग खोटा निघाला तरी उरलेला भाग निवडून घेता येतो.

बचाव पक्षाचा भर बहुधा विसंगतींवर असतो. पोलिसांपुढच्या जबाबात ‘काठी’ आणि न्यायालयात ‘कुऱ्हाड’ असे आले, तर जबाबातला तो भाग साक्षीदाराला दाखवावा लागतो आणि पुढे तपासी अंमलदाराकडून शाबीत करून घ्यावा लागतो. उलटतपासणीत हे राहून गेले, तर अपिलात त्या विसंगतीचा उपयोग जवळजवळ संपतो. वेळ, अंतर, वारांची संख्या यांतील किरकोळ फरक न्यायालये सोडून देतात. हत्यार किंवा हल्लेखोर बदलणारा फरक सोडत नाहीत. आरोपीच्या अंगावरच्या मोठ्या जखमांचा खुलासा फिर्यादी पक्षाने दिला नसेल, तर हाणामारीची खरी सुरुवात दडवली गेली असावी असा संशय धरता येतो.

खरी झुंज मात्र कलमावर होते, आणि तिथे वैद्यकीय कागद बोलतात. भारतीय दंड संहितेच्या कलम 320 मध्ये गंभीर दुखापतीचे आठ प्रकार होते. शेवटच्या प्रकारात 20 दिवस तीव्र वेदना किंवा नेहमीचे व्यवहार करण्याची अक्षमता हा एक निकष होता. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम 116 ने तो 15 दिवसांवर आणला. नुसते तेवढे दिवस रुग्णालयात राहणे हा त्याचा पुरावा नव्हे. हाड मोडल्याचे दुखापत प्रमाणपत्रात लिहिले, पण क्ष-किरण फिल्म आणि ती पाहणारा डॉक्टर न्यायालयापुढे आलाच नाही, तर दंड संहितेचे कलम 325 (जाणूनबुजून गंभीर दुखापत) टिकणे अवघड होते आणि शिक्षा साध्या दुखापतीवर येऊ शकते. एका कागदाच्या हलगर्जीची ही किंमत जखमीच मोजतो. डोळ्यांनी पाहिलेले आणि डॉक्टरांचे मत यांत फरक पडला तर साधारणपणे साक्षीला वरचे स्थान असते. साक्षीत सांगितलेली घटना वैद्यकीय पुराव्याने अशक्यच ठरत असेल, तर मात्र नाही.

हत्यार धोकादायक होते का, हे त्याचा आकार आणि वापर यांवर ठरते. ‘मथाई विरुद्ध केरळ राज्य’ (2005) मध्ये दगडाने केलेल्या मारहाणीतील शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने कलम 326 (धोकादायक हत्याराने गंभीर दुखापत) वरून 325 वर आणली. उलट, खुनाच्या प्रयत्नासाठी जखम प्राणघातकच असावी लागत नाही, हेतू महत्त्वाचा, असे त्याच न्यायालयाने महाराष्ट्रातून गेलेल्या एका अपिलात 1983 मध्ये सांगितले.

फक्त आरोपीनेच अपील केले असेल, तर त्यात शिक्षा वाढवता येत नाही. त्यासाठी शासनाचे स्वतंत्र अपील लागते किंवा उच्च न्यायालयाला पुनरीक्षणाच्या अधिकारात आरोपीला आधी नोटीस द्यावी लागते.