कुंचीवर चढलेला स्वेटर

पाचाडचा वाडा थंडीपायी बांधला गेला, असं रायगडच्या पायथ्याशी सांगतात. गडमाथ्यावरचा बोचरा वारा उतारवयात जिजाऊंना मानवेना, म्हणून शिवाजी महाराजांनी खाली पाचाडला त्यांच्यासाठी वाडा उभारला. आज तिथे जोती, तटाच्या भिंती आणि विहिरी उरल्या आहेत. त्यांतल्या एका विहिरीच्या काठाशी पाठ टेकायला दगडी तक्क्या आहे, म्हणून ती तक्क्याची विहीर. राज्याभिषेक झाला ६ जून १६७४ रोजी, आणि १७ जूनला जिजाऊंनी पाचाडलाच डोळे मिटले. माथा ८०० मीटरांहून उंच. वरची हवा आणि खालची हवा यांतला फरक गड चढून गेलेल्याला वेगळा सांगावा लागत नाही.

त्याच वर्षी मे महिन्यात पाचाडला आणखी एक मुक्काम पडला होता. ईस्ट इंडिया कंपनीचा वकील हेन्री ऑक्झिंडन मुंबईहून आला, तेव्हा महाराज भवानीच्या दर्शनाला प्रतापगडी गेले होते. वर जायची परवानगी मिळेपर्यंत तो गडाखालीच थांबला. त्याच्या कंपनीचं एक जुनं दुखणं होतं. इंग्लंडात मेंढ्या उदंड, तिथलं मुख्य कापड म्हणजे जाड लोकरी बनात, आणि इथल्या उकाड्यात ती घ्यायला गिऱ्हाईक थोडं. झुली, खोगिरं, शामियाने, दरबारी नजराणे एवढ्यापुरतीच तिची गरज. लोकर नेसून हिंडावं असं हे हवामान नव्हतंच.

मग याच मुलखातल्या तान्ह्या पोराच्या अंगावर लोकरीचा, पुढून बटणांचा, क्रोशाने विणलेला स्वेटर आला कुठून?

घाटाखाली मेंढी टिकत नाही. महाड-पोलादपूरकडे वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस कोसळतो. त्या चिखलात तिचे खूर कुजतात, अंगावरची लोकर वाळत नाही. म्हणून इथल्या डोंगरांतले धनगर गवळी-धनगर. त्यांची जित्राबं म्हणजे म्हशी आणि गाई, त्यांचा व्यवहार दूध-लोण्याचा. रायगडावर दूध घालायला गेलेली, दरवाजे बंद झाल्यावर घरी राहिलेल्या तान्ह्यासाठी कडा उतरून आलेली हिरकणी लोककथेत गवळण आहे, ती या हिशेबाला धरूनच. लोकर म्हणजे घोंगडी, आणि घोंगडी यायची घाटावरून, दख्खनी मेंढ्यांच्या काळ्या-करड्या लोकरीची, सणगरांच्या मागावर विणलेली. तिची खोळ करून माणसं पाऊस झेलायची. लावणीला मात्र इरलं.

बाळाच्या वाट्याला यातलं काही येत नसे. घोंगडी टोचते. बाळासाठी मऊपणा हवा, आणि तो मिळे जुन्या लुगड्यातून. धुऊन धुऊन सायीसारखं झालेलं सुती कापड फाडून दुपटी, झबली, लंगोट. त्यावर टोपडं आणि कुंची. कुंची हा मराठी शिवणकलेतला फार शहाणा प्रकार. डोक्याला टोपीसारखी बसते, हनुवटीखाली बंदाने बांधली जाते आणि मागे पाठीवरून झुलीसारखी खाली येते. कान, मान, पाठ एकदम झाकली जातात. हात बाहीत कोंबायची झटापट नाही. खालून बाळंतिणीच्या खाटेची शेगडी, वरून कुंची. कोकणातल्या सौम्य हिवाळ्याला एवढा बंदोबस्त पुरेसा होता.

स्वेटर आला तो लढाईच्या वाटेने. १८५३ ते १८५६ या काळातल्या क्रिमियाच्या युद्धात इंग्रज सैनिक रशियन हिवाळ्यात गारठले. पुरेसे गरम कपडे नव्हते. तिथल्या तीन नावांनी जगाच्या कपाटात कायमची जागा मिळवली. २५ ऑक्टोबर १८५४ रोजी बालाक्लाव्हाला घोडदळाचा तो प्रसिद्ध आणि आत्मघातकी हल्ला चढवणारा सरदार अर्ल ऑफ कार्डिगन. पुढून उघडणाऱ्या विणलेल्या जाकिटाला त्याचं नाव पडलं. सेनापती लॉर्ड रॅगलन; वॉटर्लूला १८१५ मध्ये त्याचा उजवा हात गेला होता. खांद्यावर न थांबता तिरकी गळ्यापर्यंत जाणारी बाही त्याच्या नावाने ओळखली जाते. आणि बालाक्लाव्हा गावाच्या नावाची ती डोकं-कान-गळा झाकणारी टोपी. तिला आपण सरळ माकडटोपी म्हणून टाकलं. डिसेंबरात सकाळच्या एसटीत आजीच्या मांडीवर बसलेलं पोर रॅगलन बाहीचा कार्डिगन आणि माकडटोपी घालून असतं, तेव्हा अर्धं क्रिमिया त्याच्या अंगावर असतं.

क्रोशाची सुई त्याहून थोडी आधीची. शब्द फ्रेंच, अर्थ छोटा आकडा. या विणकामाचे छापील नमुने युरोपात १८२०च्या दशकापासून दिसतात. फार प्राचीन कला असल्याच्या गोष्टींना भक्कम पुरावा नाही. आयर्लंडमध्ये १८४५ नंतर बटाट्याचं पीक बुडालं आणि दुष्काळ पडला, तेव्हा जोगिणींच्या मठांनी बायकांना क्रोशाची लेस शिकवून दोन पैसे मिळवून दिले. आपल्याकडे आंध्रातल्या नरसापूरला त्याच सुमारास स्कॉटिश मिशनऱ्यांनी हीच सुई बायकांच्या हाती दिली. तिथे पुढे मोठा निर्यात धंदा उभा राहिला. मारिया मीस या अभ्यासक बाईंनी १९८२च्या पुस्तकात त्याची दुसरी बाजू मांडली: दिवसाचे कितीतरी तास राबणाऱ्या या बायकांना कामगार न म्हणता ‘फावल्या वेळात विणणाऱ्या गृहिणी’ म्हटलं, की मजुरी कमी देता येते.

महाराष्ट्रात ही सुई मिशनच्या आणि मुलींच्या शाळांमधून घराघरांत शिरली. पंडिता रमाबाईंनी १८८९ मध्ये शारदा सदन काढलं. पुढे केडगावच्या मुक्ती सदनात त्यांनी लिहिण्या-वाचण्याइतकंच हातकामाला महत्त्व दिलं. रमाबाई रानड्यांच्या पुढाकाराने १९०९ मध्ये पुण्यात सुरू झालेल्या सेवा सदनाने शिवण-टिपण, हस्तकलेचे वर्ग चालवले. विधवेला, टाकलेल्या बाईला स्वतःचं पोट भरता यावं हा त्यामागचा विचार. घरंदाज मुलीच्या हातात मात्र तीच सुई वेगळ्या कारणाने आली: रुखवतासाठी.

म्हणून मराठी घरात क्रोशाचं पहिलं रूप लोकरीचं नाही, सुती दोऱ्याचं आहे. दारावरचं तोरण, ताटावरचा रुमाल, रेडिओवरचं आणि पुढे टीव्हीवरचं झाकण, देवाचं आसन. मुलगी सासरी जाताना हे सगळं मांडवात मांडलं जाई आणि वऱ्हाडातल्या बायका उलटून पाहत, मागची बाजू स्वच्छ आहे का. वर्षभरात त्याच मुलीसाठी माहेरून दुसरी मांडणी निघे, ती बाळंतविड्याची. आईला साडी, डिंकाचे लाडू, सुंठ. बाळाला झबली, टोपडी, कुंची, दुपटी. स्वेटर, मोजे आणि टोपी त्या विड्यात शिरली आणि तिथेच रुळली. थंडी किती, हा प्रश्न दुय्यम राहिला. विड्यात स्वेटर नसेल तर मावशीने काय केलं, असं विचारलं जाऊ लागलं.

आणखी एक अडसर होता, तो दूर झाला. खऱ्या लोकरीला कोकणची दमट हवा सोसत नाही. पेटीत ठेवली की कसर लागते, धुतली की आटते, बाळाच्या गळ्याला खाजते. मग बाजारात ॲक्रिलिक धागा आला. बायका त्याला कॅशमिलॉन म्हणू लागल्या. रंग पक्के, धुवायला सोपा, पावसात दोरीवर लवकर वाळणारा, खिशाला झेपणारा. तालुक्याच्या गावी कटलरीच्या दुकानात, बांगड्या आणि रिबिनींच्या शेजारी त्याच्या गुंड्या लटकू लागल्या. मेंढीचा केसही नसलेल्या या धाग्याचं नाव मात्र लोकरच राहिलं.

लहान मुलाचा कार्डिगन क्रोशाने विणायची सोपी रीत गळ्यापासून खाली येण्याची आहे. आधी गळ्याएवढी साखळी. तिच्यावर खांबांची ओळ. त्या ओळीचे पाच भाग पाडायचे: पुढची एक बाजू, बाही, पाठ, दुसरी बाही, पुढची दुसरी बाजू. भागांच्या चार सांध्यांवर दर ओळीला खांब वाढवत गेलं की तिरक्या रेघा आपोआप उमटतात. हीच ती रॅगलनची बाही. काखेशी आल्यावर बाह्यांचे खांब तसेच सोडून अंग खाली विणत न्यायचं, मग सोडलेल्या खांबांत सुई घालून बाह्या उतरवायच्या. शिवण कुठेच नाही. काजंसुद्धा वेगळी करावी लागत नाहीत, दोन खांबांमधल्या फटीत बटण बसतं. जाळीचा नमुना मात्र तान्ह्याला नको, चिमुकली बोटं त्यात अडकतात.

दोन सुयांच्या विणकामात सगळे टाके सुईवर जिवंत असतात. एक सुटला की शिडीसारखा खाली घरंगळतो. क्रोशात सुईवर एकच टाका असतो. म्हणून काम कुठेही टाकून उठता येतं, दूध उतू जाताना धावता येतं. मुलाचे हात लांबले की मनगटाशी दोन ओळी वाढवता येतात. आणि स्वेटर अगदीच तोकडा झाला की शेवटची गाठ शोधून ओढायचं. सगळा स्वेटर भराभरा उसवत येतो. तो नागमोडी धागा खुर्चीच्या पाठीवर गुंडाळून लडी करायची, धुवायची, खाली वजन बांधून टांगायची. धाकट्याच्या स्वेटरात थोरल्याचा रंग असतो तो असा, आणि कमी पडलेल्या जागी गळ्याशी दुसऱ्या रंगाचा पट्टा.

आता लुधियानाच्या यंत्रांवर विणलेले स्वेटर गावोगाव मिळतात. उलट-सुलट टाके यंत्र सहज घालतं. क्रोशाचा टाका मात्र यंत्राला अजून जमलेला नाही. दुकानात टांगलेला, खरा क्रोशाचा कार्डिगन असेल तर तो कुणीतरी हाताने विणलेलाच असतो, नरसापूरच्या हिशेबासकट.

कुंची अजून गेलेली नाही. पहिल्या संक्रांतीला बाळाला काळं झबलं शिवतात, हलव्याचे दागिने घालतात आणि बोरन्हाण करतात. बोरं, उसाचे करवे, चुरमुरे डोक्यावरून ओततात, आळीतली पोरं ती वेचायला झडप घालतात. जानेवारीतली संध्याकाळ, डोंगरावरून वारा उतरलेला, म्हणून कुणीतरी वरून कार्डिगन चढवतं. पाहुणे गेल्यावर आजी तो मांडीवर पसरून बसते आणि टाक्यांत अडकलेला हलव्याचा एकेक दाणा क्रोशाच्या सुईच्या टोकाने बाहेर काढते.