जिथे कट नाही

दार ढकलून तुम्ही आत येता. पॅरिस, 1968 ची अखेर. खोलीत अंधार, नाकात फिल्मचा वास. डोळे सरावले की कापडी पेटीवर टांगलेल्या पट्ट्या दिसतात, दांडीवर वाळत घातल्यासारख्या. टेबलाशी बसलीय फ्रांस्वाज बोनो, वय 29. आई मोनिकही संकलक. दिग्दर्शक मेलव्हिलच्या ‘ल सामुराई’च्या संकलनात आईचा हात होता.

पट्टी सरकू लागते, सेकंदाला 24 फ्रेम. हा कोस्टा-गाव्रासचा ‘झेड’. 1963 साली थेसालोनिकीत ग्रीक खासदार लाम्ब्राकिसचा भर रस्त्यात बळी घेतला गेला, त्यावर बेतलेला. ग्रीसमध्ये आता लष्कराचं राज्य, म्हणून चित्रीकरण अल्जीयर्सला झालंय. तुमच्यासमोर शेवटाकडचा प्रसंग आहे. तपास करणारा दंडाधिकारी बड्या अधिकाऱ्यांना एकामागून एक बोलावतो. छातीवरची पदकं. खुनाचा आरोप. टाइपरायटरचा खडखडाट. लगेच पुढचा अधिकारी, पुन्हा पदकं, पुन्हा खडखडाट. तिसऱ्याच्या वेळी तुम्ही श्वास रोखलेला असतो. पुढे साक्षीदार मरतात, गुन्हेगार सुटतात, हे चित्रपटच सांगतो. मला मात्र वाटतं, लाम्ब्राकिसला जो काही न्याय मिळाला तो इथे, या तालात मिळाला.

बोट ठेवून वर्षं पुढे पळवा. 1970, याच कामासाठी ऑस्कर. 1976, पोलान्स्कीचा ‘द टेनंट’, भाड्याच्या घरात हळूहळू वेडावत जाणारा माणूस. 1982, ‘मिसिंग’, चिलीत बेपत्ता झालेल्या मुलाला शोधणारा अमेरिकन बाप. मग शेक्सपिअरवरचा ‘टायटस’, ‘फ्रीडा’, आणि 2007 साली बीटल्सच्या गाण्यांवर उभा केलेला ‘अक्रॉस द युनिव्हर्स’. भाषा बदलते, देश बदलतो, तिची अशी एखादी ठरावीक लकब मात्र हाती लागत नाही.

आता मागे या, 1969 मध्ये. मेलव्हिलचा ‘आर्मी ऑफ शॅडोज’. जर्मनव्याप्त फ्रान्समधले भूमिगत कार्यकर्ते आपल्यातल्याच एका फितूर पोराला मार्सेयच्या एका घरात घेऊन आलेत. गोळी झाडता येत नाही, शेजारी ऐकतील. शेवटी टॉवेलनं गळा आवळायचं ठरतं. यांच्यापैकी कुणी असं काही पूर्वी केलेलं नाही. ‘झेड’चा वेग अजून तुमच्या अंगात आहे, वाटतं, आता तरी तिनं नजर दुसरीकडे वळवावी, खिडकी दाखवावी, रस्ता दाखवावा. ती सुटका देत नाही. पोराचा चेहरा समोर आहे, त्याला मारणाऱ्यांचे चेहरे समोर आहेत, आणि तुम्हाला त्या खोलीतच थांबावं लागतं, त्याचा श्वास संपेपर्यंत.