पडदे रंगवणाऱ्या हातांचा सिनेमा

१९१६ साली आनंदराव पेंटर वारले तेव्हा त्यांच्या मनातला कॅमेरा पुरा व्हायचाच होता. आनंदराव आणि त्यांचे भाऊ बाबूराव कोल्हापुरात नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ पाहिल्यापासून दोघांनी चित्रपटाचा ध्यास घेतला होता. भावामागे बाबूरावांनी हार मानली नाही. शिष्य विष्णुपंत दामले यांना हाताशी धरून त्यांनी १९१८ मध्ये कॅमेरा तयार केला.

हे काम किती नाजूक होतं, ते यंत्राच्या आत डोकावल्याशिवाय कळत नाही. कॅमेऱ्यात फिल्म सलग धावत नाही. कडेच्या भोकांत दाते अडकवून ती एक चौकट पुढे ओढायची, क्षणभर निश्चल धरायची, तेवढ्यात झडप उघडून उजेड आत घ्यायचा, झडप मिटली की पुन्हा ओढायची. दांडा फिरवत हे सेकंदाला सोळाएक वेळा घडवायचं. दात्याची जागा केसभर चुकली तरी पडद्यावरचं चित्र थरथरतं. ही करामत पडदे रंगवणाऱ्यांनी साधली.

१९२० मध्ये बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ झळकला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरवलं. रंगवलेल्या सपाट पडद्यांऐवजी बाबूरावांनी खरेखुरे उभारलेले सेट आणले. पात्रांची, पोशाखांची रेखाटनं ते आधीच काढून ठेवत. कंपनीत कामांची वाटणी अशी नव्हतीच. तरुण शांताराम वणकुद्रे तर तिथे पडेल ते काम करत होते.

मराठी चित्रपटाचा इतिहास नटांच्या आणि दिग्दर्शकांच्या नावांनी सांगितला जातो. खरं तर त्याचा कणा या कारखान्यात घडला, आणि दामले हे त्याचं सर्वांत लखलखीत उदाहरण.

१ जून १९२९ रोजी शांताराम, दामले, साहेबमामा फत्तेलाल, धायबर आणि सीताराम कुलकर्णी यांनी कोल्हापुरातच ‘प्रभात’ काढली. दोन वर्षांत बोलपट आला आणि सगळ्यांचीच पाटी कोरी झाली. ध्वनिमुद्रणाची जबाबदारी दामल्यांनी उचलली. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’चं ध्वनिमुद्रण त्यांचंच. पार्श्वगायनाची सोय तेव्हा नव्हती. गोविंदराव टेंबे आणि दुर्गा खोटे कॅमेऱ्यासमोर गात, साथीदार चौकटीबाहेर बसून वाजवत, आणि सगळं एकाच वेळी टिपलं जाई. एखाद्याचा सूर चुकला की अख्खा शॉट पुन्हा घ्यायचा. मायक्रोफोन नटाच्या तोंडाजवळ हवा, पण चित्रात दिसता कामा नये. ही तारेवरची कसरत शिकवायला शाळा नव्हती, गुरूही नव्हता.

फत्तेलाल कलादिग्दर्शक. सेट, वेशभूषा, रंगसंगती त्यांच्या नजरेतून उतरे. १९३६ मध्ये या ध्वनिमुद्रकानं आणि कलादिग्दर्शकानं मिळून ‘संत तुकाराम’ दिग्दर्शित केला. विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम वैकुंठाला निघतो ते गरुडाचं विमान हा दोघांच्या कसबाचा कळस. पण देहूचं साधं घर आणि तुकारामाची बायको आवली हिचा चुलीपाशी चाललेला त्रागा तितकाच खरा वाटतो. पडदे रंगवताना जडलेली निरखण्याची सवय त्या घरात दिसते. पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात हा चित्रपट गौरवला गेला.

दामले १९४५ मध्ये गेले, प्रभात १९५३ मध्ये बंद पडली. मधल्या काळात ती कोल्हापुराहून पुण्याला हलली होती. तिथल्या तिच्याच आवारात १९६० मध्ये सरकारनं फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केली. तिथे आज ध्वनिमुद्रण आणि कलादिग्दर्शन हे वेगवेगळे अभ्यासक्रम आहेत.