सेवाज्येष्ठता यादीत नाव खाली गेलं? दाद कुठं आणि कधीपर्यंत मागायची?

समजा, तुम्ही भुसावळजवळच्या दीपनगर औष्णिक वीज केंद्रात काम करता. नवी सेवाज्येष्ठता यादी लागते आणि तुमच्यानंतर रुजू झालेला सहकारी तुमच्या वर दिसतो. पदोन्नतीची संधी आधी कुणाला, हे बऱ्याचदा याच क्रमावर ठरतं. मग करायचं काय?

आधी लेखी हरकत
यादी सहसा आधी तात्पुरती म्हणून प्रसिद्ध होते. दिलेल्या मुदतीत लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. सोबत नियुक्ती आदेश, रुजू दिनांक आणि निवड यादीतला क्रमांक जोडा. कागद नसतील तर माहिती अधिकारात अर्ज करा. त्याचं उत्तर साधारण ३० दिवसांत मिळायला हवं.

मॅट की औद्योगिक न्यायालय?
इथं अनेकांची गल्लत होते. जिल्हाधिकारी कार्यालयातला लिपिक मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जातो. तिथं मुदत साधारण एक वर्षाची असते. महानिर्मिती मात्र कंपनी आहे. २००५ मध्ये वीज मंडळाचं विभाजन होऊन ती कामाला लागली. त्यामुळे तिथल्या कर्मचाऱ्यांना मॅटचं दार बंद आहे.

तुम्ही कायद्याच्या व्याख्येत 'कामगार' असाल आणि पक्षपात किंवा कराराचा भंग झाला असेल, तर १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा कायद्याखाली औद्योगिक न्यायालयात तक्रार करता येते. मुदत ९० दिवस. उशीर झाला तर सबळ कारण द्यावं लागतं. व्यवस्थापकीय अधिकाऱ्यांना ही वाट नाही. त्यांच्यासाठी उच्च न्यायालयात रिट याचिका हा मार्ग आहे. जळगाव जिल्हा औरंगाबाद खंडपीठाकडे येतो.

निकाल विरोधात गेला तर?
मॅट किंवा औद्योगिक न्यायालयाच्या निकालाला उच्च न्यायालयात आव्हान देता येतं. मॅटचा निकाल थेट सर्वोच्च न्यायालयात नेता येत नाही, हे १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालाने ठरलं. सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका करता येते, पण ती ऐकायची की नाही हे न्यायालय ठरवतं.

न्यायालय काय पाहतं?
महाराष्ट्रातल्याच अभियंत्यांच्या वादात २ मे १९९० रोजी घटनापीठाने सांगितलं की, नेमणूक नियमाप्रमाणे झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून धरायची, कायम झाल्याच्या तारखेपासून नाही. नियम डावलून केलेली तात्पुरती सोय मात्र ज्येष्ठतेत मोजली जात नाही.

या दोन चुका टाळा
एक, अर्जावर अर्ज करत वर्षं घालवणं. नुसत्या स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. २००९ च्या शिबा शंकर महापात्रा निकालात सर्वोच्च न्यायालयाने ज्येष्ठतेला आव्हान देण्यासाठी तीन-चार वर्षं हा वाजवी काळ मानला. पण कायद्याने ठरवलेली मुदत त्याहून कमी असेल, तर तीच पाळावी लागते.

दोन, ज्यांचा क्रम खाली जाऊ शकतो त्या सहकाऱ्यांना प्रतिवादी न करणं. त्यांचं म्हणणं ऐकल्याशिवाय यादी बदलणं कठीण, आणि एवढ्या कारणावरूनही खटला अडकू शकतो.

म्हणून यादी हातात पडली की आधी तारीख लिहून ठेवा. मुदत तिथूनच मोजली जाऊ शकते.