बिलाच्या तळची ओळ

घाटकोपरच्या हार्डवेअरवाल्याचं बिल घ्या, नाहीतर साकीनाक्याच्या सुट्या भागांच्या दुकानाचं. वर देवाचं नाव, मधे रकाने, तळाशी 'चूकभूल द्यावी घ्यावी' आणि तिला खेटून बारीक टायपात 'सब्जेक्ट टू मुंबई ज्युरिस्डिक्शन'. नवं बिलबुक छापायला टाकलं की छापखानेवाला जुन्या बिलावरून ही ओळ जशीच्या तशी उचलतो. एरवी तिच्याकडे कोणी बघत नाही. पैसे थकले की मात्र वकील पहिलं बोट तिथेच ठेवतो, कारण कोणी कोणाच्या गावी तारखांचे खेटे घालायचे ते या ओळीवरून ठरू शकतं.

तिचं मूळ शोधत गेलं की आपण मुंबई उच्च न्यायालयाच्या जन्मापाशी पोचतो. न्यायालय 1862 मध्ये सुरू झालं. 1865 च्या लेटर्स पेटंटच्या बाराव्या कलमाने त्याच्या मूळ दिवाणी अधिकाराची चौकट आखली : प्रतिवादी इथे राहतो किंवा धंदा करतो, किंवा दाव्याचं कारण इथे घडलं, तर दावा इथे. कारणाचा काही भागच इथे घडला असेल तर आधी कोर्टाची परवानगी. फोर्टातले वकील आजही 'क्लॉज ट्वेल्व्हची लीव्ह' म्हणतात ती हीच. तेव्हा अंधेरी, घाटकोपर ही साष्टीतली गावं, ठाण्याच्या अंगणातली. 1950 मध्ये जोगेश्वरी आणि भांडुपपर्यंतचा भाग बृहन्मुंबईत आला, 1957 मध्ये दहिसर आणि मुलुंडपर्यंतचा. शहराबरोबर कोर्टाची हद्दही वाढली. मरोळच्या कारखानदाराच्या बिलावरच्या 'मुंबई'ला खरा आधार मिळाला तो असा.

1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 20 देशभर साधारण हाच हिशेब लावतं. त्यामुळे मुंबईत सौदा ठरला आणि माल नागपूरला उतरला, तर दोन्ही गावची कोर्टं दावा ऐकू शकतात. व्यापाऱ्याला ही टांगती तलवार नको असते, म्हणून बिलावर ओळ. पण 1872 च्या करार कायद्याचं कलम 28 म्हणतं, कोर्टाची वाट पुरती बंद करणारा करार रद्द. मग दुसऱ्या गावचं कोर्ट वगळणारी ओळ टिकते का?

याचा निकाल 1971 मध्ये लागला, तोही मुंबईच्याच कंपनीच्या खटल्यात. हाकम सिंग यांनी 1960 मध्ये गॅमन इंडियाचं बांधकामाचं काम घेतलं होतं. निविदेत अट होती : काम कुठेही असो, करार मुंबईत झाला असं धरायचं आणि वाद फक्त मुंबईच्या कोर्टात न्यायचा. हाकम सिंग गेले वाराणसीच्या कोर्टात. सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, ज्या कोर्टाला मुळात अधिकार नाही त्याला दोघांनी मिळूनही तो देता येत नाही. पण दोन कोर्टांना अधिकार असेल तर त्यातलं एक निवडता येतं. गॅमनचं मुख्य कार्यालय मुंबईत, म्हणून ती अट टिकली. या ओळीचं सगळं बळ आजही याच दोन वाक्यांत आहे.

पुढे शब्दांवरून बरीच ओढाताण झाली. 1989 मध्ये 'खेडा ज्युरिस्डिक्शन' असं लिहिलेल्या करारात 'फक्त' नव्हतं, म्हणून सेलमच्या व्यापाऱ्याला सेलममध्येच दावा चालवता आला. 2013 मध्ये इंडियन ऑइलच्या प्रकरणात तेच न्यायालय म्हणालं, 'फक्त' नसलं म्हणून बिघडत नाही, एका गावाचं नाव घेतलं की बाकीची वगळायचा हेतू दिसतो.

मला सर्वांत न्याय्य वाटतो तो 1991 चा निकाल. तमिळनाडूतल्या बोडिनायकनूरच्या व्यापाऱ्याने पटेल रोडवेजच्या तिथल्या शाखेत दिल्लीसाठी वेलदोडा दिला. माल वाया गेला. बिल्टीवर छापलेलं, वाद फक्त मुंबईत. पण माल घेतला शाखेने आणि व्यवहार घडला तिकडे. मुंबईत होतं ते केवळ मुख्य कार्यालय. न्यायालयाने सांगितलं, अशा वेळी मुंबईच्या कोर्टाला अधिकारच पोचत नाही, मग तो बिल्टीने कुठून येणार?

ट्रेडमार्कच्या दाव्यांत मात्र पारडं फिर्यादीकडे झुकतं. 1999 च्या कायद्याच्या कलम 134 नुसार मालकाला स्वतःच्या धंद्याच्या गावी दावा लावता येतो, नक्कल करणाऱ्याच्या दारात जावं लागत नाही. लहान उत्पादकासाठी ही फार मोलाची सोय. कॉपीराइटलाही तशीच आहे आणि तिचा बडे हक्कदार कसा वापर करत होते ते 2015 मध्ये उघड झालं. गीतकार-संगीतकारांच्या हक्कांची संस्था आयपीआरएस हिचं मुख्य कार्यालय मुंबईत, अंधेरीला. ज्या चित्रपटगृहांवर आक्षेप तीही मुंबई-महाराष्ट्रातली. दावा मात्र दिल्लीत, शाखा आहे म्हणून. त्याच्यासोबतच 'व्होग' मासिकाच्या नावावरचा वादही ऐकला गेला, तोही असाच मुंबईतून दिल्लीला नेलेला. सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही दावे दिल्लीत चालू दिले नाहीत : मुख्य कार्यालय आणि दाव्याचं कारण एकाच ठिकाणी असेल तर तिथेच जा, समोरच्याला उगाच लांब ओढू नका.

आता मुलुंड चेकनाक्यावर उभं राहून ही ओळ वाचा. नाक्यापलीकडे वागळे इस्टेट, म्हणजे ठाणे जिल्हा. तिथल्या एखाद्या कारखान्याने ऑर्डर ठाण्यात घेतली, माल ठाण्यातच दिला, पैसे ठाण्यातच यायचे आणि घेणाराही ठाण्याचाच, तर त्याच्या बिलावर 'फक्त मुंबई' कितीही ठळक छापलं तरी दावा ठाण्याच्या कोर्टातच लावावा लागेल.