सोंगाड्या पडद्यावर गेला, तेव्हा काय हरवले?

१. दादा कोंडके हे नाव निघाले की द्व्यर्थी संवाद आठवतात आणि चर्चा तिथेच थांबते. इतिहासाच्या अभ्यासकाने मात्र एक पाऊल मागे जाऊन विचारावे : ही भाषा आली कुठून?

२. उत्तर यात्रेत सापडते. अहिल्यानगर जिल्ह्यातील मढी येथे कानिफनाथांची यात्रा होळीपासून गुढीपाडव्यापर्यंत चालते. पाठोपाठ चैत्रात गावोगावच्या यात्रा भरतात. त्यांची सुपारी ठरवायला गावकरी शेजारच्या पुणे जिल्ह्यातील नारायणगावी, फडांच्या राहुट्यांवर जातात.

३. तमाशाचा क्रम ठरलेला : गण, गवळण, बतावणी, वग. यात सोंगाड्याला मोठी मुभा असते. गोष्ट राजाची सांगायची आणि टोला समोर बसलेल्या पाटलाला हाणायचा.

४. १९३२ साली मुंबईच्या नायगावात जन्मलेले दादा सेवादलाच्या कलापथकात घडले. वसंत सबनीसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या लोकनाट्याने त्यांना कीर्ती दिली. दरबाराच्या आडून चालू राज्यकारभाराची टर उडवणारा हा वग होता.

५. १९७१ मध्ये ‘सोंगाड्या’ आला. लेखक सबनीस, दिग्दर्शक गोविंद कुलकर्णी. तमाशाच्या नादी लागला म्हणून भोळ्या नाम्याला त्याची आई घराबाहेर काढते. यात्रेत तमाशाला गर्दी करणारा समाज घरात त्याला कसा लेखत असे, हे त्या एका प्रसंगात दिसते.

६. पडद्याने सोंगाड्याला शहरात मान दिला, पण त्याची किंमतही घेतली. फडातला विनोद रोज नवा असतो. ज्या गावात खेळ, त्या गावच्या कारभाऱ्याची खोडी त्यात निघते. चित्रपटात तो एकदाच मुद्रित होतो, सेन्सॉरमधून जातो आणि सगळीकडे सारखाच ऐकू येतो. माझ्या मते त्यामुळेच गावापुरता असलेला सत्तेवरचा टोला बोथट झाला आणि कुठेही चालणारा द्व्यर्थ तेवढा टिकला. दोष एकट्या दादांचा नव्हे. माध्यमच बदलले होते.

७. दादा १९९८ मध्ये गेले. याच जिल्ह्यातील संगमनेरमध्ये राहून आयुष्यभर फड गाजवलेल्या कांताबाई सातारकर २०२१ च्या मे महिन्यात गेल्या. राज्य शासनाचा विठाबाई नारायणगावकर जीवनगौरव पुरस्कार त्यांना मिळाला होता. दादांचे चित्रपट आज कधीही पाहता येतात. कांताबाईंच्या कित्येक रात्री मात्र पाहणाऱ्यांच्या आठवणीतच उरल्या आहेत. तुमच्या गावात असे प्रेक्षक अजून असतील, तर यंदाच्या यात्रेत त्यांच्याशेजारी बसा आणि ऐकलेले लिहून ठेवा.