प्रकाश, काळ आणि विश्वाची साक्ष

खडकीचें नांव निघालें, कीं महाराष्ट्रास १८१७ सालची ५ नोव्हेंबर आठवते. गणेशखिंड व खडकी यांमधील माळावर त्या दिवशीं पेशव्यांचें सैन्य इंग्रजांशीं लढलें आणि एका राज्याच्या अस्तास आरंभ झाला. घडून गेलेला तो दिवस कोणालाहि परत आणतां येत नाहीं. परंतु काळ पुढेंच कां जातो, हा प्रश्न इतिहासकारांपेक्षां भौतिकशास्त्रज्ञांनाच अधिक छळीत आला आहे. तरुणपणीं त्याचा छडा लावूं पाहणारे जयंत विष्णु नारळीकर यांनीं पुढें याच गणेशखिंडीच्या परिसरांत आपली संस्था उभी केली.

प्रकाशास प्रवासाला वेळ लागतो, हें रोमर या डॅनिश ज्योतिर्विदानें १६७६ सालीं गुरूच्या एका उपग्रहाच्या ग्रहणांवरून दाखवून दिलें. सूर्यकिरण पृथ्वीवर पोंचण्यास सुमारें ५०० सेकंद लागतात. पुढें १८६५ सालीं मॅक्सवेलनें विद्युत् व चुंबकत्व यांचीं समीकरणें मांडलीं, आणि त्यांतून एक विलक्षण गोष्ट निष्पन्न झाली. त्या समीकरणांना काळाची दिशा ठाऊक नाहीं! दिवा लावल्यानंतर उजेड पोंचतो, हें उत्तर त्यांना जितकें मान्य, तितकेंच दिवा लावण्यापूर्वींच उजेड पोंचतो, हेंहि मान्य. दुसरें उत्तर अनुभवास येत नाहीं, म्हणून शास्त्रज्ञ तें मुकाट्यानें वगळीत.

व्हीलर व फाइनमन या अमेरिकन शास्त्रज्ञांनीं १९४५ सालीं तें वगळण्याचें नाकारलें. प्रत्येक विद्युत्कण अर्धा तरंग भविष्याकडे व अर्धा भूतकाळाकडे धाडतो, असें त्यांनीं मानलें. भविष्यांतील द्रव्य तरंग शोषून घेतें; त्याचें प्रत्युत्तर काळांत मागें येऊन भूतकाळाकडील अर्धा भाग पुसून टाकतें व भविष्याकडील अर्धा भाग पूर्ण करतें. म्हणजे देवघरांतली समई नेहमींसारखी उजळावी, यास दूरच्या विश्वाची साक्ष लागते! मात्र त्यांच्या स्थिर विश्वांत भूत व भविष्य सारखींच असल्यानें उलटी दिशाहि तितकीच शक्य ठरे.

विश्व स्थिर नसून प्रसरण पावतें, याकडे हॉगार्थ यांनीं १९६२ सालीं लक्ष वेधलें. केंब्रिजमध्यें फ्रेड हॉइल व त्यांचे पंचविशींतले शिष्य नारळीकर यांनीं हाच धागा पुढें नेला. त्यांचा निष्कर्ष असा, कीं प्रकाश नेहमींच्या दिशेनें जावयाचा तर भविष्यांत तो पूर्ण शोषला गेला पाहिजे, भूतकाळांत मात्र तसा शोषला जातां कामा नये. महास्फोटाच्या प्रचलित विश्वांत भविष्यांतील द्रव्य फार विरळ होतें, म्हणून ही अट पुरी होत नाहीं. सतत नवें द्रव्य निर्माण करणाऱ्या स्थिरस्थिति विश्वांत ती पुरी होते. घरच्या दिव्याच्या उजेडानें विश्वाच्या स्वरूपाचा निवाडा करूं पाहणारें हें धाडस होतें.

परंतु १९६५ सालीं पेन्झिआस व विल्सन यांना आढळलेलें, सर्व आकाश व्यापणारें सूक्ष्म तरंगांचें प्रारण जाहीर झालें. महास्फोटाच्या पक्षास त्यानें भक्कम आधार दिला आणि स्थिरस्थितीचा पक्ष दुबळा झाला. नारळीकर तरीहि डगमगले नाहींत. १९७२ सालीं ते मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेंत आले. १९८८ सालीं पुण्यांत आयुका ही संस्था स्थापन झाली; तिचे ते संस्थापक-संचालक, आणि २००३ पर्यंत ती धुरा त्यांनीं वाहिली. १९९३ सालीं हॉइल व बर्बिज यांच्यासह त्यांनीं आपल्या मताची सुधारलेली मांडणी जगापुढें ठेवली. बहुसंख्य शास्त्रज्ञांनीं तीहि स्वीकारली नाहीं. तथापि त्यांच्या संस्थेंत महास्फोट मानणाऱ्यांनाहि मोकळें दार होतें.

२० मे २०२५ रोजीं पुण्यांतच त्यांचें निधन झालें. काळाच्या दिशेचें कोडें आजहि उलगडलेलें नाहीं. मात्र समईची ज्योत व विश्वाचें भवितव्य यांचा संबंध असूं शकेल, आणि तो गणितानें तपासतां येईल, ही दृष्टि त्या सिद्धांतानें दिली. ज्या माळावर एकदां राज्याचा निकाल लागला, त्याच्या कडेला हा दुसरा वाद अद्याप निकालाची वाट पाहत आहे.